आधी जेव, मग तारीख

नांदगाव पेठेच्या शेषराव गावंड्यांकडे जमानत मागायला कोणीही यावं. जीप ठोकलेला, भावकीत डोकं फोडलेला, कोणीही. शेताचा सातबारा काखेत मारून शेषराव अमरावतीच्या कोर्टात उभे राहणार, हे ठरलेलंच. अट एकच. तारखेच्या आदल्या संध्याकाळी आरोपीनं त्यांच्या घरी यायचं, जेवायचं, ओसरीवर झोपायचं आणि सकाळी त्यांच्यासोबतच कोर्टात निघायचं. "माया घरचं खाल्लेला माणूस पळत नाही," असं ते छाती ठोकून सांगत. आजवर एकही पळाला नव्हता, हेही खरं. माणूस भला, पण हेकट असा की विचारूच नका.

आणि मग परतवाड्याचा योगेश पळाला. जीप चालवणारा पोरगा, मारामारीची केस. ना आदल्या संध्याकाळी आला, ना तारखेला, आणि फोनही लागेना. पुढं शेषरावांना नोटीस आली, की आरोपी गैरहजर आहे, जामिनाची रक्कम तुमच्याकडून का वसूल करू नये?

शेषराव मुळापासून हादरले. रकमेचं सोडा हो, भर कोर्टात दिलेला शब्द गेला. योगेशच्या सात पिढ्यांचा उद्धार करत ते घरभर फिरले. त्यांची बायको वच्छलाबाई खाली मान घालून भाकरी थापत राहिल्या.

वकील अदितीताईंनी त्यांना खाली बसवलं. "काका, नोटीस म्हणजे निकाल नाही. कोर्टाला तुमचं म्हणणं ऐकावंच लागतं. तो का आला नाही ते सांगा. त्याला हजर केलंत तर दंड कमी होऊ शकतो. नकोच असेल तर जमानत काढूनही घेता येते, मग त्याला दुसरा जामीनदार शोधावा लागेल."

"म्हणजे मले बोलता येते?" शेषराव थक्कच झाले. इतक्या सह्या ठोकल्या, पण हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. जमानत काही त्यांनी काढली नाही. "पोट्ट्याले धरूनच आणतो," म्हणाले.

परतवाड्याच्या जीपवाल्यांनी अकोल्याचा पत्ता दिला. तिथल्या धान्यबाजारात योगेश पोती उतरवत होता. शेषरावांनी त्याची कॉलर धरली.

"काहून पळाला बे?"

योगेशनं पोतं खाली ठेवलं. "पळालो? काका, मी तं आलतो. काकू मागच्या दारात भेटल्या. म्हणे तारीख पुढं गेली, काका कळवतीन. जेवाले थांब असंही नाही म्हणल्या. फोन चोरीले गेला, म्हणून जीपवाल्यायजवळ इथला पत्ता ठेवून तुमच्या निरोपाचीच वाट पाहून राहिलो."

शेषरावांची बोटं आपोआप सुटली. त्या संध्याकाळी त्यांच्या मुलीला, प्राजक्ताला, पाहायला अकोल्याचे पाहुणे आले होते. ते स्वतः बैठकीत पाहुण्यांना पानसुपारी देत होते आणि मागच्या दारातून त्यांचाच आरोपी उपाशी परत जात होता.

घरी आल्यावर वच्छलाबाई एवढंच बोलल्या, "केसवाला पोट्टा ओसरीवर दिसला असता तं सोयरीक मोडली असती. एका तारखेनं काय होते, वाटलं मले. मंग नोटीस आली अन् सांगाची हिंमतच झाली नाही."

कोर्टात योगेश हात जोडून उभा राहिला. "साहेब, चूक मायीच. तारीख विसरलो."

शेषरावांनी चमकून पाहिलं. पोरगा काकूच्या चुकीवर पांघरूण घालत होता.

"मग जामीन रद्द करून तुम्हाला आत पाठवावं लागेल," न्यायाधीश म्हणाले. "जामीनदारांना काही म्हणायचं आहे?"

प्राजक्ताची सोयरीक जुळली होती. इथं बोललेलं अकोल्याला पोचायला वेळ लागणार नव्हता. शेषराव पुढं सरले.

"हाये, साहेब. पोट्टा खोटं बोलून राहिला. तो आलता. माया बायकोनं त्याले खोटी तारीख सांगून उपाशी परत पाठवलं."

न्यायाधीशांनी चष्मा काढून त्यांच्याकडे नीट पाहिलं. योगेशचा जामीन त्यांनी कायम ठेवला, नोटीसही मागे घेतली.

घरी पोचले तेव्हा वच्छलाबाई चुलीपुढं होत्या. "मायं नाव घेतलं?"

"घेतलं."

त्यांनी तव्यावरची भाकरी उलटली. मग म्हणाल्या, "पोट्टा जेवला का?"

"मागच्या दारात उभा हाये," शेषराव म्हणाले. "तूच बलाव. अन् पुढच्या दारानं आण."