दादाच्या हातचं तिकीट

माझा दादा बस कंडक्टर होता आणि त्याच्या बसमधून मी कधीही फुकट गेलेले नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण नंतर आमच्या घाटकोपरच्या चाळीत ज्याला त्याला तोंड फुटलं होतं.

त्याची बस मुलुंडहून अंधेरीला जायची. मी घाटकोपरला चढायचे आणि साकीनाक्याला, माझ्या कारखान्यापाशी उतरायचे. पैसे पुढे केले की तो म्हणायचा, "ठेव गं, मी काढतो तुझं." थोड्या वेळाने गर्दीतून वाट काढत तिकीट हातात आणून द्यायचा. त्यावर काय छापलंय ते मी कधी वाचलं नाही. कंडक्टरच्या बहिणीने तिकीट कशाला वाचायचं?

आणखी एक सवय होती त्याची. लोक उतरायला लागले की तो दारापाशी हात पसरून उभा राहायचा. "कचरा करू नका, तिकिटं इकडे द्या." लोकही गुमान देऊन जायचे. मला त्याचा केवढा अभिमान! कारखान्यातल्या बायकांना मी सांगायचे, आमचा दादा गाडी घरासारखी ठेवतो.

त्या दिवशी असल्फ्याला चेकर चढला. मी दारातच उभी होते, म्हणून पहिलं तिकीट माझंच मागितलं. मी ऐटीत पुढे केलं.

"मॅडम, कुठून चढलात?"

"घाटकोपर."

"हे तिकीट नाहूर ते घाटकोपर आहे. तुम्ही चढायच्या आधी फाडलेलं."

मी चक्क त्याच्यावर खेकसले. "मशीन बिघडलं असेल तुमचं! स्वतः कंडक्टरने दिलंय मला." एवढं बोलून मी दादाकडे पाहिलं. त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता. चेकरने त्याला खिसे रिकामे करायला लावले आणि वापरलेल्या तिकिटांचा एक पुंजका बाहेर आला. उतरणाऱ्याचं तिकीट घ्यायचं, चढणाऱ्याला तेच द्यायचं, पैसे आपल्या खिशात. चेकर हे इतक्या शांतपणे सांगत होता की मला आधी कळलंच नाही. माझ्याच तोंडाने मी भावाला पकडून दिलं होतं.

दादा निलंबित झाला. घरी त्याचं एकच म्हणणं, "कचरा होता तो, टाकायचा राहिला." रविवारी विहारात वंदनेलाही आला नाही. वहिनी रडत माझ्याकडे आली. "ताई, ते तिकीट गाडीत पडलेलं मीच उचललं, असं चौकशीत सांगा ना. तुम्हाला दंड होईल, पण त्यांची नोकरी वाचेल. पोरांच्या शाळेचं बघा हो."

मी तयार झाले. मनाशी ठरवूनच टाकलं होतं की हे त्याने माझ्यापायी केलं. रोज बहिणीचं तिकीट खिशातून भरायचं, कधीतरी हात आखडला असेल, एखादं जुनं दिलं असेल. डेपोत साहेबांसमोर बसून मी सरळ डोळ्यांत बघून खोटं बोलले. त्यांनी ते लिहून घेतलं, माझी सही घेतली, आणि मग एक जुना कागद माझ्यासमोर सरकवला. याच गुन्ह्यासाठी दादाला दोन वर्षांपूर्वी ताकीद मिळाली होती. खाली त्याची सही. ती सही मी शाळेच्या प्रगतिपुस्तकांवर पाहिलेली, बाबा गेल्यावर माझ्या पुस्तकांवर तोच सही करायचा. दोन वर्षं! आणि घरात कुणाला पत्ता नाही.

बडतर्फीचा कागद आला त्या संध्याकाळी चाळीत कुणी कुणाशी बोलत नव्हतं. दादा जिन्यात बसला होता. मी शेजारी जाऊन बसले. इतके दिवस पोटात धरून ठेवलेलं विचारलंच. खरं सांगायचं तर विचारत नव्हते, भीक मागत होते.

"दादा, माझ्यासाठीच केलंस ना रे? माझे पैसे वाचावेत म्हणून?"

तो चिडेल असं वाटलं, पण चिडला नाही.

"तुझं तिकीट मी कायम मशीनमधूनच काढायचो गं," तो म्हणाला. "जुनी बाकीच्यांना. त्या दिवशी गर्दीत हात चुकला."