तीन बाजूंनी पडलेला सैनिक

बारावी झाल्यावर मुलीने जाहीर केलं, की ती बँकॉकला जाऊन सिनेमातले स्टंट शिकणार. मी नाही म्हणालो.

"वन फिल्म, बाबा. आधी बघा. देन से नो."

बहरीनमध्येच वाढलेली. मराठी सगळी कळते, उत्तरं निम्मी इंग्रजीत येतात.

म्हणून शुक्रवारी दुपारी, झिंज भागातल्या आमच्या फ्लॅटमध्ये, मी तिच्या लाडक्या थाई दिग्दर्शकाचा ऐतिहासिक युद्धपट बघायला बसलो. चुका काढायचं ठरवूनच बसलो होतो, आणि त्या सापडल्या. लढाई सुरू होते तेव्हा सूर्य डोक्यावर, पुढच्याच क्षणी सावल्या लांबलचक. राजधानी जळते तेव्हा धूर एकीकडे जातो, झेंडे दुसरीकडे फडकतात. इतिहास हे या माणसाला हाणामारीचं निमित्त. राजा कोण, भांडण कशाचं, हे दोन वाक्यांत उरकून तो हत्तींकडे वळतो.

मग एक सैनिक हत्तीवरून उताणा पडला. तेच पडणं समोरून दाखवलं, बाजूने दाखवलं, खालूनही दाखवलं.

"पडला एकदाच ना? मग तीनदा कशाला?"

"कारण ते रिअल आहे! नो वायर्स, नो कंप्युटर. दॅट्स द होल पॉइंट."

शेवटी नावांच्या पाट्यांबरोबर चित्रीकरणातले अपघात दाखवले. एकाला मानेला आधार देऊन उचलत होते. एका मुलीचा हात कोपराखाली भलतीकडे वळला होता. आणि वर ढोलताशांसारखं जोरदार संगीत. ही त्या दिग्दर्शकाची फुशारकी!

"हे बघून मी हो म्हणायचं?"

"ती मुलगी ओके आहे. शी डिड मोर फिल्म्स."

"आणि जी ओके झाली नाही, तिचा पिक्चर कुठे लागलाय?"

तिने रिमोट उचलला. मी तेवढ्यात दामटलं. "तुझा इथला व्हिसा माझ्या नावावर आहे. गेलीस तर रिन्यू करणार नाही. खलास."

बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली. "अहो, पोरीला काय बोलताय हे?"

मुलीने टीव्ही बंद केला. "नका करू," ती म्हणाली. स्वच्छ मराठीत. "मला तरी कुठे परत यायचंय?"

ती गेली. मुदत संपली तेव्हा मी व्हिसा रिन्यू केला नाही. बोललो होतो तसंच केलं. बायको तिच्याशी रोज फोनवर बोलते. मी खोलीत आलो की बोलणं आटपतं.

"हातपाय धड आहेत ना?" एवढंच मी विचारतो.

"तुम्हीच विचारा की," बायको म्हणते आणि फोन उशीखाली सारते.