पोरीनं आवाज चढवू नये

"घरात पोरगी आहे की नाही, पत्ता पण लागत नाही." आमच्या बुऱ्हाणपुरात मुलीची याहून मोठी स्तुती नाही. माझ्या भाचीच्या वाट्याला ती लहानपणापासून भरपूर आली. आमच्या गल्लीत दिवसभर पॉवरलूमचा खडखडाट, त्यामुळे पुरुषमाणसं साधं "जेवलास का" सुद्धा भांडल्यासारखं विचारतात. पण मुलगी शेजारच्या खोलीत ऐकू जाईल एवढी हसली, की माझा भाऊ, म्हणजे तिचा बाप, पडदा सारून बघायचा. अशा घरातून आधी मी विमानात गेले, आणि मी परतल्यावर ही निघाली. गेल्या वर्षी ती हैदराबादच्या ट्रेनिंगमधून सुट्टीवर आली, ती तोंड एवढंसं करून.

मी उभी हयात एअर होस्टेस होते. गुडघ्यांनी दगा दिला तेव्हा घरी आले. इतक्या वर्षांत नातेवाइकांनी मला एकच प्रश्न विचारला, तोही हातात मावा जिलेबीची प्लेट धरून: "तिथं काम म्हणजे चहापाणीच ना?" सुरुवातीला मी समजावून सांगायची. मग सोडून दिलं. गाढवापुढे वाचली गीता, कालचा गोंधळ बरा होता.

काय असतं काम? दारात हात जोडून आम्ही हसतो ना, ती झडती असते. कोण पिऊन आलाय, कोणाचा हात प्लॅस्टरमध्ये आहे, कोणता धडधाकट माणूस वेळ आली तर उपयोगी पडेल, हे सगळं एका नमस्कारात बघून घ्यायचं. विमान सुटताना आम्ही मांड्यांखाली हात दाबून गप्प बसतो, तेव्हा लोकांना वाटतं बाई दमली. बाई मनात घोकत असते: आत्ता काही झालं तर कोणतं दार, बाहेर आग आहे का आधी बघायचं, आणि ओरडायचं काय. समोर बसलेला शहाणा तेवढ्यात चुटकी वाजवून पाणी मागतो.

या शहाण्यांबद्दल माझ्या मनात काडीचा आदर उरलेला नाही. चाकं जमिनीला टेकायचा अवकाश, की उठतात आणि डोक्यावरच्या बॅगा ओढायला लागतात. विमान पेटलं तरी यांना आधी बॅग हवी. गोड बोलून माणूस बॅग सोडत नाही, जीव गेला तरी सोडत नाही. म्हणून आम्हाला ओरडायला शिकवतात. अंगात संचारल्यासारखं, पोटातून, समोरच्याचे पाय आपोआप हलतील असं.

आणि नेमकी तिथंच माझी भाची नापास झाली होती.

ट्रेनिंगच्या खोट्या विमानात धूर सोडला होता. तिनं दार बरोबर उघडलं, सगळं जागच्या जागी केलं, आणि मग हात जोडावेत तसं म्हणाली, "प्लीज, सामान छोड दीजिए." शिकवणाऱ्या बाईंनी तिथंच परीक्षा थांबवली. म्हणाल्या, "तुझे सगळे प्रवासी मेले." पुढच्या आठवड्यात आणखी एक संधी होती. ती गेली की घरी.

दोष तरी पोरीला काय द्यायचा? आधी घरानं गळा दाबला, मग गावातल्या एका क्लासनं. साडीच्या दुकानावरच्या माडीवर एका बाईंनी 'एअर होस्टेस घडवण्याचा' धंदा काढलाय. तिथं प्लॅस्टिकच्या खुर्च्या ओळीनं मांडून मुलींना ट्रे धरायला आणि मंजूळ बोलायला शिकवतात. मी एकदा तिथं विचारलं, दार कधी उघडू नये ते शिकवता का? बाई लाडिक हसल्या. म्हणाल्या, "मॅडम, दरवाजा तो पायलट लोग देखते हैं ना." मी पाणीसुद्धा न पिता खाली उतरले.

माझा भाऊ मात्र खूश होता. तोंडावर दुःख, आतून उकळ्या. "जाऊ दे ताई," मला म्हणाला, "देवाची मर्जी. रावेरवाले तयारच हायेत." रावेरच्या एका केळीच्या व्यापाऱ्यानं मुलासाठी हिला मागणी घातली होती. मुलगी नोकरी करणार नसेल तरच, एवढीच त्यांची अट.

मी भाचीला घेऊन धूलकोटच्या वाटेवरच्या आमच्या केळीच्या मळ्यात गेले. घरात ओरडता येत नव्हतं, मळ्यात कोण अडवणार? मी बांधावर उभी राहिले, तिला लांब उभं केलं. म्हटलं, "मी प्रवासी. माझ्या हातात बॅग आहे. सोडायला लाव."

"सामान छोडो," ती म्हणाली.

"मला ऐकू आलं नाही."

"सामान छोडो!" गळ्यापर्यंत आलेला आवाज तिनं तिथंच आवळला. घड कापणाऱ्या बाया फिदीफिदी हसायला लागल्या. एकीनं विचारलं, "काय वं, डुकरं हाकली राहिल्या का?" भाची खाली बसली. "आत्या, मेरेसे नाही होत. तोंड उघडलं की पप्पा दिसतात."

नाव काढावं आणि माणूस हजर व्हावं. बायांपैकी कोणीतरी फोन केला असणार. भाऊ मोटरसायकल बांधाला लावून तणतणत आला.

"काय लावलंय हे ताई? लोकं ऐकी राहिले! रावेरवाल्यांच्या कानावर गेलं म्हणजे?" मग मुलीकडे वळून, अगदी मऊ आवाजात, "चल बेटा घरी. मी त्यांना रविवारी बोलावलंय. पास हो का फेल हो, आता काय फरक पडते?"

मी संतापून त्याच्याकडे निघाले. पण मला बोलावंच लागलं नाही.

"मी नाही बसणार त्यांच्यापुढे!"

तो आवाज माझ्या भाचीचा आहे हे मला क्षणभर कळलंच नाही. रस्त्यावर ट्रक भरत होते, तिथल्या ड्रायव्हरनं गाणं बंद केलं.

"हळू बोल," भाऊ म्हणाला.

"हळूच बोलत आले ना आजवर? काय मिळालं? रविवारी कोणी यायचं नाही! मी परीक्षेला जाणार! ऐकू आलं का सगळ्यांना?"

बाया कोयते हातात धरून उभ्या. भाऊ एक पाऊल मागे सरकला. पाय आपोआप सरकले, त्यालाही कळलं नाही. मी भाचीजवळ जाऊन तिच्या पोटावर हात ठेवला. म्हटलं, "इथून आला ना? हाच घेऊन जा."

रावेरवाल्यांच्या कानावर दोन दिवसांत गेलं. मुलगी तोंडाळ आहे असा निरोप आला. भावानं मला आठवडाभर तोंड दाखवलं नाही, मला बरंच वाटलं. भाची पास झाली.

यंदा तिच्याच विमानानं आम्ही इंदूरहून हैदराबादला गेलो. भावाचा पहिलाच प्रवास. ज्या नोकरीला हा नाक मुरडायचा, तिचं कौतुक आता आजूबाजूच्या रांगांना सांगत होता. "मेरी बेटी है." तेवढ्यानं भागेना, म्हणून घंटी वाजवून वाजवून तिच्याकडून पाणी मागवलं. तहान नव्हती, मिरवायचं होतं. मला लाज वाटली. तिनं मात्र दर वेळी हसून पाणी दिलं.

विमान उतरलं, अजून धावत होतं, आणि सगळ्यात आधी कोण उठलं? माझा भाऊ. वर ठेवलेला दराब्याच्या मिठाईचा डबा काढायला. त्याचं बघून मागचे चारजण उठले.

"बैठ जाइए! सब! अभी!"

मागच्या दाराजवळून आला तो आवाज. मळ्यातलाच. चौघे बसले, आणि माझा भाऊ बसला. जन्मात पहिल्यांदा घरातल्या बाईचं ऐकून बसला. शेजारच्या माणसानं हसून विचारलं, "आप की बेटी?" त्यानं पट्टा पुन्हा लावला.

विमान थांबलं. पट्ट्याचा दिवा विझला. माणसं नेहमीसारखी एकमेकांच्या अंगावर पडत उठली, बॅगा ओढू लागली. भाऊ तसाच बसलेला, पट्टा लावून. मान वळवून मागे बघत होता, आता उठू का म्हणून.