नवमीचे पान

गिरजाबाईंनी तिसऱ्यांदा हाक मारली. नवरा चार पावलांवर, ओसरीत बसला होता. त्याने मान वर केली नाही. मग माझ्याकडे पाहिले.

"साहेब, तुम्ही कोनासंगं आले?"

"यांच्याबरोबर."

"कोनासंगं?" त्याच्या आवाजात राग नव्हता. तो खरेच विचारत होता.

पन्नासच्या दशकातली ही गोष्ट. मी नागपूरच्या एका दैनिकात बातमीदार होतो. वर्धा जिल्ह्यात मिशनचे एक कुष्ठधाम होते. परदेशी डॉक्टर मायदेशी परतत होते आणि कारभार इथल्या ख्रिस्ती परिचारिकांच्या हाती येत होता. दवाखान्याच्या आडून रुग्णांना बाटवतात, अशी पत्रे आमच्याकडे येत. संपादकांनी मला बोलावले.

"वाद नको, माणूस आण. बरी झालेली बाई घरी जाते, पोटची पोर गळ्यात पडते. फोटोत दोघी रडल्या तर तीन कॉलम."

"नाही रडल्या तर?"

"आतल्या पानावर."

कुष्ठधामाच्या मुख्य परिचारिका सिस्टर मार्था याच जिल्ह्यातल्या. त्यांनी गिरजाबाईंचे नाव सुचवले. गिरजाबाई अकरा वर्षे तिथे होत्या. नव्या गोळ्या सुरू झाल्यावर त्या 'निगेटिव्ह' झाल्या होत्या. म्हणजे कानाच्या पाळीला बारीक चीर देऊन काढलेला द्रव काचेवर तपासला, तर त्यात जंतू सापडत नव्हते. धर्म त्यांनी बदलला नव्हता. घर सोडताना मुलगी वत्सला चार वर्षांची होती. तिला पाहायचे, एवढेच त्या बोलत.

डिस्चार्जचा दिवस मी ठरवला. रविवारच्या अंकाला फोटो हवा होता, म्हणून शुक्रवार. सिस्टर मार्थांच्या भिंतीवर इंग्रजी कॅलेंडर होते. प्रार्थनेच्या घंटेवर रविवार मोजता मोजता गिरजाबाईंच्या हातून तिथी केव्हाच सुटल्या होत्या. पंचांग तिघांपैकी कोणीही पाहिले नाही.

मोटारीने रोहण्यापर्यंत गेलो. पुढे पायी. भर दुपारी गावात शिरलो तेव्हा विहिरीवरच्या बायका गप्प झाल्या. एकीनेही गिरजाबाईंच्या तोंडाकडे पाहिले नाही. सगळ्या त्यांच्या पायांकडे पाहत होत्या. आजाराने बोटे झिजली होती, एक पाऊल बाहेर वळले होते. लोक रोगाला भितात, असे मी समजलो. पुढे दारे लागत गेली. आवाज न करता, एकेक. एका म्हातारीने आमच्या मागे मोहरी फेकली. भुताची पावले उलटी असतात असे म्हणतात, हे मला तेव्हा आठवले.

घराच्या छपरावर पत्रावळ ठेवली होती. भात, वडे, खीर. कावळा शिवला नव्हता. पितृपक्षातली नवमी होती. नवऱ्याआधी गेलेल्या बायकांना त्या दिवशी पान वाढतात.

नवऱ्याने मला तो प्रश्न विचारला आणि सासू बाहेर आली. तिच्या बोलण्यातून उलगडा झाला. सुनेला कुष्ठधामात पोचवल्यावर त्यांनी पळसाच्या पानांचा पुतळा करून जाळला होता. तेरावेही केले होते.

"दर साली पान वाढतो, माय," ती गिरजाबाईंना म्हणाली. "दर साली कावळा शिवत नाई. काऊन रागावली व तू? पोरीचं लगन ठरून राह्यलं. तिले सुखानं जाऊ दे."

मी सर्टिफिकेट काढले. "आजी, या जिवंत आहेत. हा डॉक्टरांचा कागद."

"ठेव बापा खिशात. सरकार मेलेल्याले बी कागद धाडते."

दाराच्या चौकटीत मुलगी उभी होती. पंधरा वर्षांची वत्सला. गिरजाबाई एक पाऊल पुढे गेल्या. वत्सला भिंतीला टेकली. तिचे ओठ हलत होते, आवाज येत नव्हता. नजर आईच्या पायांवर होती.

गिरजाबाई थांबल्या. खूप वेळ मुलीकडे पाहत राहिल्या. मग अंगणातच मांडी घालून बसल्या.

"आना पान," त्या म्हणाल्या.

नवऱ्याने छपरावरची पत्रावळ उतरवली आणि त्यांच्यापुढे ठेवून मागे सरला. गिरजाबाई जेवल्या. भात, वडे, खीर, सगळे. कॅमेरा माझ्या गळ्यात होता. मी तो उघडला नाही.

"माय, पोट भरलं?" वत्सलाने विचारले.

"भरलं. मी रागावली नाई बाई. सुखानं लगन करजो. आता मी येत नाई."

वत्सलाने हात जोडले. पहिल्यांदा तिने आईच्या तोंडाकडे पाहिले.

परतीच्या मोटारीची वाट पाहताना गिरजाबाई एवढेच बोलल्या, "वड्यात मीठ कमीच होतं. म्हातारीचा हात अजून तसाच हाये."

संपादकांनी फोटो मागितला. नाही म्हटले. बातमी मागितली.

"बाई घरी गेल्या, जेवल्या, परत आल्या."

"यात बातमी काय?"

छापले काहीच नाही. गिरजाबाई कुष्ठधामातच राहिल्या, ड्रेसिंगच्या खोलीत काम करू लागल्या. सिस्टर मार्थांनी डिस्चार्जच्या फॉर्मवर एक प्रश्न वाढवला: घरी रुग्णाचे क्रियाकर्म झाले आहे काय? उत्तर आल्याशिवाय कोणाला घरी पाठवायचे नाही, असा नियम झाला. ही चौकशी आधी मी करायला हवी होती. बातमीदाराचे कामच ते.

गिरजाबाईंचा नव्याने भरलेला फॉर्म मी पाहिला आहे. त्या प्रश्नापुढे सिस्टर मार्थांच्या अक्षरात लिहिले आहे: 'होय. रुग्ण स्वतः जेवून आली.'