त्याच्या मुलाखतीचे मिनिट्स

इंग्लंडात मेडनहेडच्या आमच्या घरातली मागची खोली रिकामी होती म्हणून आम्ही भाडेकरू ठेवायचं ठरवलं, आणि आला तो एक जपानी फुटबॉलपटू. ऐंशीचं दशक संपत आलं होतं. मायदेशी तो कंपनीच्या टीममधून खेळायचा, म्हणजे सकाळी कारकुनी आणि दुपारी प्रॅक्टिस. त्याच कंपनीने त्याला इथल्या ऑफिसात पाठवलं, आणि शनिवारी तो गावातल्या छोट्या क्लबकडून डाव्या बाजूने धावायला लागला. मला फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं, तरी मी मॅच बघायला जायचे. घरातलं माणूस खेळतंय म्हटल्यावर कोणीतरी जायला नको?

मैदानात शिरताना तो आधी गवताला वाकून नमस्कार करायचा. स्टँडमधले लोक हसायचे, काहीजण त्याला चिनी समजून नको ते ओरडायचे. मला कधी हसू आलं नाही. माझा भाऊ कबड्डी खेळायला उतरताना असाच माती कपाळाला लावायचा. संध्याकाळी आमचा हा भाडेकरू घरी आला की त्याला वरणभात आणि लिंबाचं लोणचं लागे. लोणचं तो चमच्याने खायचा. त्याची आई आलूबुखाराचं असंच खारट-आंबट लोणचं घालायची म्हणे. "पुरे आता, पोट बिघडेल," मी दटावायचे आणि बरणी उचलून ठेवायचे.

तिसऱ्या हिवाळ्यात त्याचा गुडघा गेला. एक ऑपरेशन झालं, मग दुसरं झालं, आणि डॉक्टरने खेळणं संपलं म्हणून सांगितलं. महिनाभर तो खिडकीशी बसून होता. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, शेजाऱ्याची ओली भिंत आणि कचऱ्याचे डबे. मग एका रविवारी उठला आणि लंगडत क्लबच्या सोळा वर्षांखालच्या पोरांना शिकवायला गेला. फुकट. कोचिंगचा कोर्स केला, प्रत्येक पोराची वेगळी वही घातली. ज्या पोरांना धड रांगेत उभं राहता येत नव्हतं, ती दोन वर्षांत जिंकायला लागली.

त्याच सुमारास रिझर्व्ह, म्हणजे दुसऱ्या फळीच्या टीमच्या पगारी कोचची जागा निघाली. कंपनी त्याला परत बोलावत होती. जागा मिळाली तर क्लब त्याच्या व्हिसाचे कागद करणार होता, नाहीतर परत जाऊन ते कारकुनी टेबल. "मला टेबल नको," एवढंच तो मला म्हणाला. मी तेव्हा क्लबच्या कमिटीवर होते. कमिटीवर म्हणजे काय, चहा करायचा आणि बैठकीत कोण काय बोललं त्याचे मिनिट्स लिहायचे. तिथे मी एकटी बाई आणि एकटीच इंडियन, दोन्ही कोटे माझ्यावरच भागवले होते.

मुलाखतीच्या सकाळी आमचे हे म्हणाले, "अगं, तू उगाच मध्ये पडू नकोस. आपल्याच घरात राहतो तो, बायस्ड वाटेल. कमिटीवर घेतलंय तेच खूप आहे."

चेअरमनचं हार्डवेअरचं दुकान होतं, बोलणं रोखठोक. मुलाखतीत त्यांनी त्याला विचारलं, "या कामाला तूच सगळ्यात योग्य आहेस का?"

त्याने दोन्ही हात मांडीवर ठेवले. मग माझ्याकडे बघत हळू म्हणाला, "नाही. मला अजून खूप शिकायचं आहे."

चेअरमनने पेन खाली ठेवलं. मला मात्र लख्ख कळलं. मला बघायला आले होते तेव्हा सासूबाईंनी विचारलं होतं, स्वयंपाक येतो का? पंचवीस पानं एकटीने उठवणारी मी, खाली मान घालून म्हणाले होते, "थोडाफार." सासूबाई खूश. "उत्तम येतो" म्हणाले असते तर दुसऱ्याच दिवशी नकार आला असता. मोठ्यांसमोर आपलीच पाठ आपण थोपटायची नाही, ही आमची रीत आणि त्याचीही. त्या खोलीत हे एकट्या मला माहीत होतं, आणि सांगायला एक वाक्य पुरलं असतं.

मी वहीत बघत बसले. भीती वाटली, सरळ सांगते. घरच्या माणसाची बाजू घेते म्हणतील, पुढच्या वर्षी कमिटीवर ठेवणार नाहीत. काय मोठं राज्य जाणार होतं माझं! चहाची किटलीच ना? चेअरमन म्हणाले, "लिही, आपली तयारी झालेली नाही असं उमेदवाराने स्वतःच सांगितलं." मी ते सुवाच्य अक्षरात लिहिलं. पुढच्या उमेदवाराला तोच प्रश्न विचारला, तर तो खुर्चीत नीट टेकायच्या आत "डेफिनेटली" म्हणाला. जागा त्याला मिळाली.

पंधरा दिवसांनी आमचा भाडेकरू मागच्या खोलीत बॅग भरत होता. मी लोणच्याची बरणी घेऊन दारात उभी राहिले आणि राहवलं नाही म्हणून बोलून टाकलं. "त्यांना तुझं म्हणणं कळलं नव्हतं. मला कळलं होतं. मी बोलायला हवं होतं."

तो शर्टाची घडी घालत राहिला. रागावला असता तर मला बरं वाटलं असतं.

"त्यांना कळणार नाही, हे मला माहीत होतं," तो म्हणाला. "पण तुम्ही होता ना तिथे. म्हणून मी घाबरलो नाही. घरी बोलतात तसंच बोललो."

मग त्याने बरणी दोन्ही हातांनी घेतली आणि मला वाकून नमस्कार केला.