नंदाक्काची पात्रता

नंदाक्का नोकरीची जाहिरात खालून वर वाचायची. अभ्यासिकेत नवी जाहिरात आली की आम्ही बाकीचे जागा किती, पगार किती ते बघायचो. ती मात्र शेवटच्या ओळीवर बोट ठेवून वर सरकत जायची. "वर नुसती आशा लिवलेली असती. अटी समद्या खाली असत्यात," असं म्हणायची.

ती वळसंगची. घरी कानडी, बाहेर मराठी. सकाळी अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कडा शिवायची आणि दुपारी सायकलवरून अभ्यासिकेत यायची, तेव्हा तिच्या केसांत कापसाचे तंतू अडकलेले असायचे. मी मोडनिंबहून सोलापुरात आलेला, तिच्याहून सहा वर्षांनी लहान आणि गणितात कच्चा. ती मला शेजारी बसवून घ्यायची. "सुधीर, गणिताला भिऊ नकोस. आदी नुसतं वहीत उतरव, मग ते गप बसतंय." मला गणित आलं ते तिच्यामुळे. तिच्या डब्यातली भाकरी आणि शेंगाचटणी तर मी हक्कानं खायचो.

आम्ही दोघांनी एका सरकारी कार्यालयातल्या कनिष्ठ लिपिकाच्या जागेसाठी अर्ज केला. टंकलेखनाची परीक्षा उत्तीर्ण असणं ही अट होती. अर्जाची मुदत संपायच्या आठ दिवस आधी तिचा टंकलेखनाचा निकाल लागला. तिनं पेढे वाटले. मी दोन खाल्ले. छापील प्रमाणपत्र मात्र तिच्या हातात दोन महिन्यांनी पडलं आणि त्यावर तारीखही तेव्हाचीच होती.

निवड यादीत शेवटचं नाव तिचं होतं. प्रतीक्षा यादीत पहिलं माझं. कारखाना सोडून ती रुजू झाली. जाताना मला म्हणाली, "पुढची जाहिरात येतीच की. तुजं काम होतंय बघ."

मला पुढच्या जाहिरातीपर्यंत धीर धरवला नाही. नात्यातल्या एका वकिलानं विचारलं, तिच्या कागदांत काही खोट आहे का. मी प्रमाणपत्राची तारीख सांगितली. निकाल कधी लागला ते त्यानं विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. 'अंतिम दिनांकास सदर उमेदवार टंकलेखन परीक्षा उत्तीर्ण नव्हती,' असं तिच्या निवडीविरुद्धच्या माझ्या प्रतिज्ञापत्रात टाइप झालं. त्याखाली मी सही केली.

न्यायाधिकरणात नंदाक्का सांगत राहिली की निकाल आधीच लागला होता. पण तिची टायपिंगची संस्था तोवर बंद पडली होती, हातात कागद नव्हता. ती अपात्र ठरली. पाच महिन्यांची तिची नोकरी गेली आणि मी तिच्याच खुर्चीवर जाऊन बसलो. ती पुन्हा टॉवेल शिवायला लागली.

पण ती थांबली नाही. माहितीच्या अधिकारात अर्ज करकरून तिनं परीक्षेची जुनी निकालपत्रकं मिळवली आणि उच्च न्यायालयात गेली. सहा वर्षांनी निर्णय आला. उत्तीर्ण झाल्याची तारीख निकालाचीच धरायची, ती पात्रच होती. मात्र माझी नेमणूक तशीच ठेवून तिला पुढच्या रिकाम्या जागेवर घ्यावं, असं ठरलं. दोघांचंही भागलं, असं कार्यालयातले लोक म्हणाले.

नेमणुका-बदल्यांचं, म्हणजे आस्थापनेचं टेबल माझ्याकडे होतं. तिनं रुजू अहवाल माझ्यासमोर ठेवला. केस कानाशी पांढरे झाले होते.

"घ्या, साहेब," ती म्हणाली. "तारीख तेवढी नीट टाका."

ती मला 'अरे सुधीर' म्हणायची. त्या दिवसापासून मी 'तुमी' झालो.

वर्षभरानं, जेवणाच्या सुट्टीत दोघंच असताना, मी कसंबसं म्हणालो, "अक्का, निकालाची तारीख मला माहीत होती."

"ठाऊक हाय की." ती डबा पुसत होती. "माजा वकील म्हणत हुता, त्या सुधीरला साक्षीला बोलवू. मी नको म्हटलं."

"का?"

"तुमी शपथेवर परत खोटं बोलला असता. ते मला हुबं राहून ऐकाय लागलं असतं."

त्यानंतर मी तिच्या नावानं एक अर्ज तयार केला. तिला मूळ तारखेपासून ज्येष्ठता द्यावी, म्हणजे ती माझ्या वर जाईल, असा. सोबत माझा खरा जबाबही लिहिला. तिनं तो सावकाश वाचला आणि परत दिला.

"ह्यात माजं काय न्हाय. हे तुमी तुमच्यासाठी लिवलंय. माजी सही कशाला?"

तो जबाब मी माझ्या एकट्याच्या सहीनंही देऊ शकलो असतो. दिला नाही.

पुढच्याच महिन्यात तिनं अक्कलकोटला बदली मागून घेतली. कार्यमुक्तीचा आदेश मीच टाइप केला. ती गेल्यावर बढतीसाठीची ज्येष्ठता यादी फलकावर लागली, पंधरा दिवस, हरकतींसाठी. माझं नाव तिच्या वरच होतं. एक प्रत अक्कलकोटलाही गेली. मी रोज टपाल उघडून बघायचो.

कुणीही हरकत घेतली नाही.