कंधारच्या पुढे, विटांच्या खड्ड्याशी

नांदेडहून निघाले तेव्हा लोहा, कंधार आणि मग लातूरजवळची खरोशाची लेणी, एवढाच बेत होता. पंचवीस वर्षं शाळेत इतिहास शिकवते; राष्ट्रकूटांचं कंधार मात्र पहिल्यांदाच पाहत होते. किल्ल्यातले भग्न मूर्तींचे तुकडे पाहून लातूरच्या रस्त्याला लागले आणि गाडीचं चाक पंक्चर झालं.

ड्रायव्हर चाक बदलेपर्यंत पाणी मागायला शेजारच्या रानात (शेतात) गेले. तिथं जेसीबीनं शेततळं खोदणं चाललं होतं, पण यंत्र थांबलेलं. मालक विठ्ठलराव आणि त्यांची बायको मंगलबाई खड्ड्याच्या काठावर वाद घालत होते. खाली विटांची भिंत उघडी पडली होती. विटा आजच्या विटांच्या दुप्पट लांब. तेर गावच्या संग्रहालयात अशाच जुन्या विटा पाहिल्या होत्या.

"बाई, तुम्ही शिकल्यासवरल्या दिसता. काय हाय हे?" मंगलबाईंनी विचारलं.

"सातवाहनांच्या काळातलं असावं. राष्ट्रकूटांच्याही कितीतरी आधीचं. खात्रीनं तज्ज्ञच सांगतील."

"तज्ज्ञ आले म्हंजी रान अडकंल का?"

खोटा धीर द्यावासा वाटला, पण म्हटलं, "मला ठाऊक नाही."

विठ्ठलराव चिडले. "उताराचं पाणी हितंच जमतंय. पाऊस तोंडावर आलाय, मी काय गंमत करून राहिलो का?"

मंगलबाई खाली उतरल्या. विटांखाली राखेचा थर होता आणि राखेत तीन दगडांची चूल. ती बघत त्या बराच वेळ उभ्या राहिल्या.

"कुणाचं तरी घर हाय हे," त्या वर बघून म्हणाल्या. "मी न्हाई मोडू देणार."

विठ्ठलरावांनी जेसीबीवाल्याला वरच्या कोपऱ्याकडे हात केला. तिथं मोसंबीची झाडं होती.

लेणी पाहून दुसऱ्या दिवशी परतताना मुद्दाम थांबले. खड्ड्याभोवती बाभळीच्या फांद्या लावल्या होत्या. तहसिलात कळवलं होतं. अजून कुणी आलं नव्हतं. वर नवं तळं खोदून झालं होतं आणि उपटलेली मोसंबी बांधावर सुकत पडली होती.

"आता पाणी मोटारीनं चढवावं लागंल," विठ्ठलराव म्हणाले. स्वरात नाराजी होती, पण मला जेवल्याशिवाय सोडलं नाही. ज्वारीची भाकरी, तुरीचं वरण, वर कच्चा कांदा.

राजवटींचा उदय आणि अस्त असं मी फळ्यावर लिहिते. मुलं ते पाठ करतात. गाडीत बसल्यावर डोळ्यांसमोर राजा एकही आला नाही. त्या चुलीवर शेवटचं काय शिजलं असेल, एवढंच नांदेड येईपर्यंत मनात होतं.